ससा विसरला

ल्हाखांगच्या डाव्या भिंतीवर वाट काढायचं काम
मेमे ल्हावांगनी अंगावर घेतलं
तेव्हा त्यांच्या दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू पिकत आला होता.
म्हणून हात माझा, आणि वाट त्यांची.

पायथ्याशी हत्ती, काळाकुट्ट.
"काजळीत हात आखडू नकोस," म्हणाले,
"मन आहे ते. पहिल्या दिवशी कुणाचंच निवळलेलं नसतं."
हत्तीच्या पुढे माकड,
आणि फार मागे, चीवर सावरत धावणारा भिक्षू.
एका हातात दोर, दुसऱ्यात अंकुश,
दोन्हींचा अजून काही उपयोग नाही.

वाटेला सहा वळणं.
वळणावळणाला ज्वाळा, कष्टाची;
खाली पुरुषभर उंच, वर वर जाताना
पणतीएवढी, मग तीही नाही.
"जनावराला वळण लागलं," मेमे म्हणाले,
"की वळणाला जाळ लागत नाही."

हत्ती त्यांनी आयुष्यात एकदाच पाहिलेला.
सतराव्या वर्षी, सामद्रुप जोंगखारच्या खाली,
मामाच्या संत्र्यांच्या बागेत.
रात्री त्यानं मक्याची कोठी मोडली.
मामा मशाल नाचवत ओरडत राहिला,
यांना ओरडणं सुचलंच नाही.
"एवढं धूड, आणि किती सावकाश खात होतं!
थरथरत मी होतो. तो नाही."
उजाडताना नदीच्या गाळात लोळून
तो जंगलाकडे निघाला, तेव्हा वाळत्या चिखलानं
पाठीवर पांढुरका दिसला.
"पांढरं होणं म्हणजे काय,
ते मला तेव्हापासून कुणाला नीट सांगता येत नाही."

मी मांजराच्या केसांचा कुंचला ओला करत राहिले.
आधी हत्तीचं डोकं उजळलं, मग कान,
मग खांद्यांपर्यंत.

दुपारी आउम त्सोमो लोण्याचा चहा घेऊन आली.
मेमे भिंतीसमोर मांडी घालून, डोळे मिटून.
तिनं चवड्यांवर येऊन पेला ठेवला,
तीनदा वाकून नमस्कार केला
आणि श्वासही न वाजवता निघून गेली.
मेमे घोरत नव्हते एवढंच.
मी काही बोलले नाही.

पेल्यावर लोण्याची साय धरली तेव्हा ते जागे झाले.
भिंतीकडे न बघताच विचारलं,
"ससा कुठंय?"

मी वर पाहिलं.
तिसऱ्या टप्प्यावर हत्तीची पाठ
रिकामी.

"माकड सगळ्यांना दिसतं, पोरी.
झाडं हलवतं, फळं फेकतं, लपेल कसं?
ससा उबदार असतो. अंगाला चिकटून बसतो.
माणसाला वाटतं, आपण ध्यानात आहोत."
"पण तुम्हाला कसं कळलं, मी विसरले ते?"
"इतका वेळ माझ्या मांडीवर होता ना.
उचल, आणि ठेव त्याला जागेवर."

मी ठेवला. कान जरा लांब झाले.

पावसाळा सरल्यावर मोंगारच्या इस्पितळात
त्यांचा उजवा डोळा उघडला.
बसमधून उतरले ते घरी गेलेच नाहीत,
डोळ्यावर हिरवी पट्टी, एका हातात औषधांची पिशवी,
सरळ भिंतीपाशी.

वर हत्ती निजलेला, भिक्षू शेजारी बसलेला.
त्याही वर भिक्षू हत्तीवर स्वार,
इंद्रधनुष्यावरून निघालेला, आणि शेवटी
हातात तलवार घेऊन परत फिरलेला,
तोंड खालच्या वाटेकडे.

मी त्यांच्या तोंडाकडे बघत होते.
पट्टी सारून त्यांनी बराच वेळ पाहिलं.

"पांढरा नाही झालाय," म्हणाले. "पिवळट आहे.
खडू कुठल्या खाणीतला आणलास?"

मग वाकले, अगदी पायथ्याशी,
काळ्या हत्तीच्या सोंडेवर बोट ठेवलं.
"हा मात्र हुबेहूब."

मी सरस भिजत घातला.